सोळा भाज्या कोण चिरणार?

पत्र :

मी एकसष्ट वर्षांची गृहिणी असून सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी राहते. यजमान जिल्हा परिषदेच्या शाळेतून मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झाले. मुलगा आणि सून दोघेही पुण्यात आयटी कंपनीत नोकरीला आहेत. आमच्याकडे मुखवट्यांच्या उभ्या गौरी असतात. गेली अडतीस वर्षे सोळा भाज्या, पाच पक्वान्ने आणि पुरणावरणाचा सगळा स्वयंपाक मी एकटीने केला. कधी तोंडातून शब्द काढला नाही. वडील गेल्यावर १९९६ साली भावांनी बोलावले, तेव्हा माहेरच्या जमिनीच्या हक्कसोडपत्रावरही अशीच सही केली आणि साडीचोळी घेऊन परत आले. यंदा सुनेने घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर लिहिले, की रजा एकच दिवस मिळेल, पूजनाच्या दिवशी सकाळी येऊ, पुरणपोळ्या बाहेरून मागवू आणि भाज्या पाचच करू. ती मंगळसूत्र कपाटात ठेवते, माहेरचे आडनाव लावते, त्याबद्दल मी काही बोलले नाही. पण गेल्या वर्षी गौरीच्या हळदीकुंकवाला तिने माझ्या विधवा धाकट्या जावेला सगळ्या बायकांसमोर कुंकू लावले, तेव्हा मला काही सुचेना. मुलाला सांगितले तर तो म्हणतो, "तुम्ही दोघी बघून घ्या." आपली संस्कृती आपल्या डोळ्यांदेखत बुडते आहे, असे मला वाटते. माझे काही चुकते आहे का?

– एक सासू

उत्तर :

ताई, सप्रेम नमस्कार.

आपले मूळ पत्र सात पानांचे आहे. वर ते जागेअभावी थोडक्यात छापले असले, तरी हे उत्तर मी सातही पाने वाचून लिहिते आहे. त्यात 'संस्कृती' हा शब्द एकदाच, अगदी शेवटी येतो. त्याआधीची दोन पाने कामाची आहेत. गौरी आवाहनाच्या रात्री बारापर्यंत भाज्या निवडत बसणे, साडेतीनला उठून अंघोळ करणे, सोवळ्यात हरभऱ्याची डाळ शिजत घालणे, पुरणयंत्र फिरवताना मनगटाला लागणारी कळ, साठ पोळ्या, तीन पंगती, आणि दुपारी चार वाजता कटाची आमटी संपल्यामुळे ताकाबरोबर खाल्लेली पोळी, हे सारे आपण इतक्या बारकाईने लिहिले आहे, की वाचताना माझाच हात दुखू लागला. त्या दुपारी आपल्याला अजून आठवतात, कारण त्यांचा हिशेब कोणीतरी ठेवायला हवा होता आणि तो कोणीच ठेवला नाही. आपल्या दुखण्याचे मूळ मला येथे दिसते. सुनेने पाच भाज्यांचा निरोप टाकला, तेव्हा गौरीचा अवमान झाला असे आपल्याला वाटले, हे मी मान्य करते. पण त्याखाली आणखी काहीतरी टोचले असावे. अकरा भाज्या इतक्या सहज वगळता येत होत्या, तर मी त्या इतकी वर्षे कशासाठी केल्या, हा तो प्रश्न आहे. त्याला "आता काळ बदलला आहे" असे ठोकळेबाज उत्तर देणे म्हणजे आपल्या अडतीस वर्षांवर पाणी सोडण्यासारखे होईल, म्हणून ते मी देणार नाही.

आधी 'बुडणे' या शब्दाचे पाहू. माझी आजी नऊवारी लुगडे नेसत असे. माझी आई लग्नानंतर गोल पातळ नेसू लागली, तेव्हा "कासोटा सुटला, आता आणखी काय काय सुटते ते बघायचे," असे आजीने तिला चारचौघांत सुनावले होते. ते पाचवारी गोल पातळ आज आपली 'पारंपरिक साडी' झाले असून, सुनेने निदान सणाला तरी ती नेसावी, अशी आपली इच्छा पाचव्या पानावर लिहिलेली आहे. आपल्याच जिल्ह्यातल्या नायगावात ३ जानेवारी १८३१ रोजी जन्मलेल्या सावित्रीबाई फुले १८४८ साली पुण्याच्या भिडेवाड्यात मुलींना शिकवायला जाऊ लागल्या, तेव्हा अंगावर पडलेल्या शेणमातीमुळे त्यांना बदलायला दुसरे लुगडे बरोबर न्यावे लागे. शेण टाकणाऱ्यांनाही संस्कृतीच वाचवायची होती. आपले यजमान ज्या शाळेचे मुख्याध्यापक होते, तिथल्या भिंतीवर सावित्रीबाईंची तसबीर असणारच आणि दर तीन जानेवारीला यजमानांच्या हातूनच तिला हार पडला असणार. पुढे रमाबाई रानडे इंग्रजी शिकू लागल्या, तेव्हा त्यांना घरातल्याच बायकांचे टोमणे सोसावे लागले. या बायका दुष्ट होत्या, असे मला वाटत नाही. त्यांनी ज्यासाठी जन्म काढला होता, त्याची किंमत समोरची पोर कमी करते आहे, असे त्यांना वाटत असले पाहिजे.

शिवाय काही गोष्टी खरोखरच बुडाल्या आणि त्यांचे सुतक कोणी पाळले नाही. गावात पिठाची गिरणी आली आणि जाते परसात जाऊन पडले. जात्याबरोबर पहाटेच्या ओव्याही गेल्या. हे नुकसान लहान नाही, कारण सासरचा जाच, माहेरची ओढ, भावाची वाट आणि विठ्ठलाशी भांडण, हे सगळे मोठ्याने म्हणता येईल अशी बाईची तेवढी एकच जागा होती. अभ्यासकांनी गावोगाव हिंडून त्या ओव्या हजारोंनी उतरवून घेतल्या, म्हणून आज त्या वाचायला तरी मिळतात. पण ओव्या टिकाव्यात म्हणून सुनेने पहाटे चारला दळायला बसावे, असे म्हणणारी एकही सासू मला आजवर भेटलेली नाही. पापडांचेही तेच. उन्हाळा लागला की आळीतल्या बायका जमवून पापड लाटणे हा घरचा रिवाज होता. १९५९ साली गिरगावातल्या ७ बायकांनी ८० रुपये उसने घेऊन विकण्यासाठी पापड लाटले आणि त्यातून 'लिज्जत'चा व्याप उभा राहिला. घरात बसून फुकट होणारे काम बाईच्या हाती पैसे देणारे काम झाले, आणि विकतचा पापड पानात वाढल्याने गौरी रागावल्याचे कोणी ऐकले नाही. मग विकतच्या पुरणपोळीवरच आपला जीव का अडला? ती पोळीसुद्धा कुठल्यातरी बाईनेच लाटलेली असते. आपल्या तालुक्यात महिला बचत गट सणासुदीला पोळ्यांची मागणी घेत असतील, तर पुण्याच्या दुकानातून पोळ्या आणण्यापेक्षा तेथूनच मागवा, एवढीच माझी सूचना आहे.

आता आपल्या त्या दोन पानांना मी आकड्यांची जोड देते, कारण हे दुखणे आपल्या एकटीचे नाही. केंद्र सरकारच्या वेळ-वापर सर्वेक्षणात माणसे दिवसाचे चोवीस तास कशात घालवतात, याची नोंद घेतली जाते. घरच्यांसाठी विनामोबदला घरकाम करणाऱ्या स्त्रियांचा त्यात रोजचा सरासरी वेळ २०१९ साली २९९ मिनिटे भरला होता आणि असे काम करणाऱ्या पुरुषांचा ९७ मिनिटे. २०२४ साली हेच आकडे २८९ आणि ८८ असे आले. बायकांची दहा मिनिटे कमी झाली, ही बातमी चांगली वाटते. पण ती पुरुषांनी उचलली म्हणून कमी झाली, असे मात्र म्हणता येत नाही, कारण त्यांचीही नऊ मिनिटे कमीच झाली आहेत. त्याच सुमारास घराबाहेर काय झाले, तेही पाहा. श्रमबळ सर्वेक्षणानुसार कामात असलेल्या किंवा काम शोधणाऱ्या पंधरा वर्षांवरील स्त्रियांचे प्रमाण २०१७-१८ मध्ये २३.३ टक्के होते, ते २०२३-२४ मध्ये ४१.७ टक्क्यांवर गेले. (या वाढीत लॅपटॉप घेतलेल्या बाईपेक्षा शेतात राबणाऱ्या किंवा घरचा छोटा धंदा सांभाळणाऱ्या ग्रामीण बाईचा वाटा मोठा आहे. 'बदलती स्त्री' म्हटले की वर्तमानपत्रे मात्र लॅपटॉपवालीचेच छायाचित्र छापतात, आमचेही त्यात आले.) तात्पर्य, आपल्या सुनेची पिढी बाहेरच्या कामाला लागली, पण घरातले काम वाटून घ्यायला दुसरे कोणी पुढे आले नाही. आपण दिवसभर घरी असूनही ज्या स्वयंपाकाने आपली पाठ मोडत होती, तो तिने एका दिवसाच्या रजेत करावा, अशी अपेक्षा ठेवली तर त्यातून फक्त दोनच गोष्टी निघू शकतात. एक तर ती आजारी पडेल, नाहीतर यायचेच बंद करेल. तिने तिसरा मार्ग काढला. ती येते म्हणाली, नैवेद्य करू म्हणाली; भाज्या तेवढ्या कमी केल्या. गौर नको, असे तिने कुठेही म्हटलेले नाही, हे तो निरोप पुन्हा वाचून पाहावा.

तिचे चुकले कुठे, तेही सांगते. असा निरोप ग्रुपवर टाकायचा नसतो. ज्या ग्रुपवर नणंदा, मावससासवा आणि पुतणे आहेत, तिथे "भाज्या पाचच करू" असे लिहिणे म्हणजे घरच्या कर्त्या बाईला न विचारता निकाल वाचून दाखवणे होय. तिने आधी आपल्याला फोन करायला हवा होता आणि सुरुवात "आई, तुमचा हात आता पूर्वीसारखा चालत नाही, यंदा कसे करायचे?" अशी करायला हवी होती. हे तिला सांगायला हरकत नाही. मात्र सांगताना संस्कृतीला मध्ये आणू नका. "मला ग्रुपवर वाचून वाईट वाटले," इतकेच म्हणा. संस्कृतीवर वाद घालता येतो. सासूला वाईट वाटले, यावर कोणी वाद घालत नाही.

मंगळसूत्र आणि आडनाव यांवर आपण बोलला नाहीत, हे फार चांगले केलेत आणि यापुढेही बोलू नका. लग्नानंतर आडनाव बदललेच पाहिजे, असा कुठलाही कायदा आपल्याकडे नाही. उलट १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदपत्रांत मुलाच्या नावापुढे आधी आईचे नाव, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव, असा क्रम महाराष्ट्र शासनाने ठरवून दिला आहे. आपल्याला नातवंड झाले, तर त्याच्या दाखल्यावर सुनेचे नाव आपल्या मुलाच्या नावाआधी येईल, आणि तो दाखला आणायला कदाचित आपले यजमानच रांगेत उभे असतील.

कुंकवाविषयी मात्र सविस्तर लिहिणे भाग आहे, कारण सात पानांत आपले अक्षर फक्त तेथेच बिघडले आहे. आपण लिहिता, की जाऊबाई नेहमीप्रमाणे स्वयंपाकघराच्या दाराशी ओटीचे सामान हातात घेऊन उभ्या होत्या, बायका पाटावर बसल्या होत्या, आणि सून कुंकवाचा करंडा घेऊन एकेकीला बोटे लावत थेट त्यांच्यापर्यंत गेली, "काकू, इकडे बघा" म्हणाली आणि त्यांनी मान वर केली तेव्हा तिने बोट टेकवले. कोणी काही बोलले नाही. एका बाईने पदर सावरला, एकीने मुलाला हाक मारली, आणि आपण पान-सुपारीचे तबक उचलून आत गेलात. या प्रसंगात संस्कृती मोडली, असे आपल्याला वाटते. ताई, बाई गावात आहे, घरात आहे, ओटीचे गहू-तांदूळ तिनेच निवडले आहेत, नारळ तिनेच सोलले आहेत, आणि वाटायची वेळ आली की तिने दाराशी उभे राहायचे, ही रीत मोडण्याची सुरुवात फार जुनी आहे. विधवाविवाहाचा कायदा १८५६ चा आहे. धोंडो केशव कर्वे यांनी १८९३ साली गोदूबाई या विधवेशी पुनर्विवाह केला आणि मुरूडच्या गावकऱ्यांनी त्यांना वाळीत टाकले, ते कशासाठी, हे आज मुरूडमधल्या शाळकरी मुलाला समजावून सांगायलाही वेळ लागेल. आणि हे शहाणपण फक्त पुण्या-मुंबईचे आहे, असेही नाही. आपल्यापासून फार दूर नसलेल्या कोल्हापूर जिल्ह्यात, शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड गावाने मे २०२२ मध्ये ग्रामसभेत ठराव करून कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे, मंगळसूत्र काढणे या विधवा प्रथा बंद केल्या. त्याच महिन्यात राज्य शासनाने तो ठराव इतर गावांपुढे उदाहरण म्हणून ठेवला. म्हणजे सुनेने उचललेले पाऊल एका अख्ख्या गावाने ठराव करून उचललेले आहे.

तरीही एक शंका माझ्या मनात राहते. तिने जाऊबाईंना आधी विचारले होते का? ज्या बाईने इतकी वर्षे दाराशी उभे राहायची सवय करून घेतली, तिला वीस बायकांच्या डोळ्यांसमोर एकाएकी मधोमध आणले, तर तिला मान मिळाल्यासारखे वाटेलही, किंवा आपला तमाशा झाला असेही वाटेल. सुनेच्या धाडसाचे मला कौतुक आहे, पण आदल्या रात्री भाज्या निवडताना ती "काकू, उद्या मी तुम्हाला कुंकू लावले तर चालेल ना?" असे म्हणाली असती, तर अधिक बरे झाले असते. आणि आपल्याबद्दलही स्पष्ट लिहिते. आपण तबक उचलून आत गेलात, हे जाऊबाईंनी पाहिले असणार. सुनेवरचा राग बाजूला ठेवून, त्या दिवसानंतर आपण जाऊबाईंशी याविषयी एकदाही बोलला नाहीत, ही या पत्रातली मला सर्वांत जड वाटलेली गोष्ट आहे.

हक्कसोडपत्राचा उल्लेख आपण आपल्या सोशिकपणाचा दाखला म्हणून केला आहे. वडिलांच्या पश्चात त्यांच्या हिश्श्यात मुलीचाही वाटा असतो, हे १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यातच होते. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क २००५ च्या दुरुस्तीने देशभर मिळाला आणि तो सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये आणखी स्पष्ट केला. एकदा नोंदवलेले हक्कसोडपत्र सहजासहजी मागे घेता येत नाही, त्यामुळे जमिनीचा विषय मी उकरून काढत नाही. पण ती सही करताना आपल्याला नक्की काय वाटले होते, हे आपण सुनेला कधी सांगितले आहे का? पत्रात आपण लिहिता, की परतीच्या एसटीत ती साडी पिशवीतून काढून पाहिलीसुद्धा नाही. सुनेला आपण फक्त 'मी सगळे सहन केले' एवढेच ऐकवत असाल, तर तिला त्यात आपल्यावरचा ठपका ऐकू येणार. एसटीतली ती साडी सांगितलीत, तर कदाचित वेगळेच काही ऐकू येईल. आपण मुकाट्याने केलेले जे काम कोणी मोजले नाही, ते ती मोजून मागते आहे. आपण दोघी एकाच तक्रारीच्या बायका आहात. फक्त तिने ती वेळेवर केली.

यात एक माणूस अजून मोकळा सुटला आहे. "तुम्ही दोघी बघून घ्या," असे म्हणणारा आपला मुलगा पस्तिशीचा आहे, त्या घरात जन्मलेला आहे, त्या गौरींसमोर त्याने लहानपणापासून हात जोडले आहेत आणि सोळाही भाज्या खाल्ल्या आहेत. गौरी त्याच्या घराण्याच्या आहेत. सून तर परक्या घरातून आली. मग रजा किती दिवसांची मिळेल, हा प्रश्न सुनेलाच का विचारला गेला? त्याने दोन दिवसांची रजा काढावी, आवाहनाच्या आदल्या रात्री एकट्याने पुण्याहून निघून यावे आणि पुरणयंत्र फिरवावे. मनगटात जोर लागणारे ते काम त्याला आपल्यापेक्षा चांगले जमेल. सोवळ्याची अडचण आपण काढाल, हे मला ठाऊक आहे. पुरुष धूतवस्त्र नेसून पूजा करतो तेव्हा सोवळ्यात असतोच; त्याच धूतवस्त्रात तो डाळही वाटू शकतो. देवळांत आणि मठांत नैवेद्याचा स्वयंपाक पुरुष आचाऱ्यांनी करण्याची रीत आपल्याला नवी नाही.

म्हणून यंदापुरते एवढे करावे. सुनेला आज काही लिहू नका. मुलाला फोन करा आणि तो "तिच्याशी बोलतो" म्हणाला, तर "तिच्याशी नको, मी तुझ्याशीच बोलते आहे," असे सांगा. कुठल्या दिवशी काय करायचे, हे त्याला लिहून द्या, यजमानांना भाज्या निवडायला बसवा, आणि भाज्या किती करायच्या, ते जेवढे हात लागतील त्यावर ठरू द्या. सोळांपैकी कुठल्या पाच किंवा सात ठेवायच्या, हे मात्र आपणच ठरवा, कारण त्या घरात ते ज्ञान फक्त आपल्यापाशी आहे आणि सुनेने ते आपल्याकडून मागून घ्यायला हवे. पंगतीला या वेळी पहिल्या पानावर आपण बसा. कटाची आमटी गरम असताना.

आणि गौरी यायच्या आधी, एखाद्या दुपारी, जाऊबाईंकडे जाऊन या. गेल्या वर्षी लावलेले ते कुंकू त्यांनी घरी गेल्यावर लगेच पुसले, की रात्रभर तसेच ठेवले, हे आपण पत्रात लिहिलेले नाही. पुढच्या पत्रात तेवढे जरूर कळवा.